लंडनहून परत आलेला जादूगार

धुळ्याहून एस.टी.ने मुंबईला निघालेल्या माणसाला मालेगाव, चांदवड मागे टाकून नाशिक ओलांडले की पांडवलेण्याचा डोंगर लागतो. त्या डोंगराच्या पायथ्याशी दादासाहेब फाळके यांचे स्मारक आहे. गाडी तिथे थांबत नाही. खिडकीशी बसलेला एखादा प्रवासी पाटी वाचतो आणि पुन्हा डुलकी काढतो. नाव सगळ्यांना पाठ आहे. दरवर्षी कुणा बुजुर्ग कलावंताला त्यांच्या नावाचा पुरस्कार मिळाला की वर्तमानपत्रात फोटो येतो. शाळेतल्या सामान्यज्ञानाच्या पुस्तकात 'राजा हरिश्चंद्र' आणि १९१३ या दोन गोष्टी मुले घोकतात. पण या गृहस्थांनी एकदा आपले चमत्कारांनी भरलेले चित्रपट ट्रंकेत घालून थेट लंडन गाठले होते, तिथल्या जाणत्यांना चकित केले होते, आणि जगाचे दार अर्धे उघडलेले असताना ते माघारी फिरले होते, ही गोष्ट फारशी कुणी सांगत नाही. आज ती सांगायची आहे.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० चा, त्र्यंबकेश्वरचा. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे विद्वान. घरात पूजाअर्चा, पुराणे, कथाकीर्तने यांचा राबता. जिथे गोदावरी उगम पावते, जिथल्या प्रत्येक दगडाला एक कथा चिकटलेली आहे, अशा गावात मूल वाढले म्हणजे देव आणि दानव त्याला शेजारपाजारचेच वाटणार! पुढे वडील मुंबईला विल्सन महाविद्यालयात शिकवू लागले आणि बिऱ्हाड मुंबईला आले. धुंडिराज १८८५ साली जे. जे. कला विद्यालयात दाखल झाले. तिथून बडोद्याचे कलाभवन. चित्रकला, छायाचित्रण, छपाई, साचेकाम असे जे जे हाताने करता येते, ते ते शिकून घेण्याचा त्यांना नादच होता.

त्यांनी गोध्र्याला फोटोग्राफीचा धंदा थाटला. पण १९०० च्या प्लेगने पत्नी आणि मूल दोन्ही हिरावून नेले. सगळे आवरून ते पुन्हा बडोद्याला आले. याच सुमाराला त्यांना जादूचे वेड लागले. हातचलाखी शिकून त्यांनी खेळ करायला सुरुवात केली आणि त्यासाठी नाव घेतले प्रोफेसर केळफा. फाळके उलटे वाचून पाहा, म्हणजे गंमत कळेल! ही गंमत लक्षात ठेवण्यासारखी आहे, कारण पुढे कॅमेऱ्यामागे उभा राहिलेला माणूस हा आधी चित्रकार, मग जादूगार आणि त्यानंतर दिग्दर्शक होता.

१९०२ साली त्यांचा दुसरा विवाह झाला. मुलगी करंदीकरांची, गिरिजा. सासरचे नाव सरस्वती. या बाईंचे नाव या लेखात वारंवार येणार आहे, आणि खरे तर ते आजवर जितके यायला हवे होते तितके आलेले नाही.

मधल्या वर्षांचा हिशेब थोडक्यात सांगतो. पुरातत्त्व खात्यात नोकरी, वंगभंगाच्या चळवळीच्या वाऱ्यात ती नोकरी सोडणे, लोणावळ्याला छपाईचा व्यवसाय, रंगीत छपाईचे तंत्र शिकण्यासाठी १९०९ साली जर्मनीचा प्रवास आणि परत आल्यावर भागीदारांशी मतभेद होऊन बाहेर पडणे. चाळिशी उलटली होती, हातात काही नव्हते आणि घरात बायकामुले.

अशा दिवसांत गिरगावातल्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये त्यांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला. पत्नीलाही नेऊन दाखवला. पडद्यावर ख्रिस्ताचे चमत्कार सरकत होते आणि त्यांच्या डोळ्यांपुढे राम, कृष्ण, गोकुळ, अयोध्या उभी राहत होती. आपले देव असे कधी पडद्यावर येतील, हा प्रश्न त्यांच्या डोक्यात शिरला तो कायमचाच. मग रोज रात्री चित्रपट पाहायचे आणि दिवसा घरी प्रयोग करायचे. झोप गेली, डोळ्यांवर इतका ताण आला की काही काळ दिसेनासे झाले. डॉक्टर प्रभाकरांच्या उपचारांनी दृष्टी परत आली. दृष्टी आल्याबरोबर हे पुन्हा तेच करायला मोकळे!

पैसा उभा करायचा तर काहीतरी करून दाखवायला हवे. त्यांनी कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरला आणि समोर कॅमेरा रोखून रोज थोडे थोडे चित्रण केले. महिन्याभराची वाढ पडद्यावर मिनिटभरात दिसली. अंकुर डोके वर काढतो काय, वेल होतो काय, सगळे डोळ्यांदेखत! छायाचित्रणाचे सामान विकणारे त्यांचे स्नेही नाडकर्णी यांनी हे पाहिले आणि कर्ज द्यायची तयारी दाखवली. बारा हजार रुपयांची विम्याची पॉलिसी गहाण टाकून दहा हजार उभे केले आणि १ फेब्रुवारी १९१२ रोजी फाळके लंडनला निघाले.

ही पहिली लंडनवारी जेमतेम दोन आठवड्यांच्या मुक्कामाची. 'बायोस्कोप' साप्ताहिकाच्या कचेरीत ते कुणाचीही ओळख नसताना शिरले आणि संपादक कॅबोर्न यांच्याशी त्यांची मैत्री जमली. कॅबोर्ननी त्यांना वॉल्टनच्या स्टुडिओत सेसिल हेपवर्थ यांच्याकडे नेले. हे हेपवर्थ म्हणजे इंग्लंडच्या चित्रपटसृष्टीतले बडे प्रस्थ. 'ॲलिस इन वंडरलँड' ही लहान मुलांची अद्भुतकथा त्यांनी १९०३ सालीच पडद्यावर आणली होती. त्यातली ॲलिस कधी ठेंगू होते, कधी खोलीला डोके लागेल इतकी उंच. त्र्यंबकच्या या जादूगाराला तिथे काय पाहायला मिळाले असेल याची कल्पना करावी. विल्यम्सन कंपनीचा कॅमेरा आणि फिल्मला कडेने भोके पाडणारे यंत्र विकत घेऊन ते १ एप्रिलला परतले.

'राजा हरिश्चंद्र'ची कथा सर्वश्रुत आहे, तरी एक-दोन गोष्टी सांगितल्यावाचून राहवत नाही. दादरच्या घरातच कारखाना होता. साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक सरस्वतीबाई करीत. दिवसा उन्हात पांढऱ्या चादरी धरून त्या नटांच्या चेहऱ्यावर उजेड पाडीत, आणि रात्री सगळी निजानीज झाली की अंधाऱ्या खोलीत बसून कोऱ्या फिल्मला भोके पाडीत. रसायने कालवणे, फिल्म धुणे हेही त्यांच्याकडेच. तारामतीच्या कामासाठी स्त्री मिळेना, तेव्हा हॉटेलात काम करणारा अण्णा साळुंके नावाचा तरुण पसंत केला गेला. हरिश्चंद्र दत्तात्रय दाबके आणि रोहिदास फाळक्यांचाच मुलगा भालचंद्र. २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिंपिया थिएटरात निमंत्रितांसाठी खेळ झाला आणि ३ मे रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये चित्रपट लोकांसमोर आला.

सुरतेचा किस्सा आपल्या भागातल्या वाचकांना जवळचा वाटेल, कारण सुरत म्हणजे आपल्या तापी खोऱ्याच्या रेल्वेचे दुसरे टोक. भुसावळ, जळगाव, अमळनेर, नंदुरबार करीत जिथे गाडी पोचते, त्या सुरतेत पहिल्या दिवशी गल्ला जमला तीन रुपये, असे सांगतात. तिथल्या लोकांना तेवढ्याच पैशात रात्रभर चालणारे नाटक पाहायची सवय. दीड तासाच्या खेळाला कोण येणार? फाळक्यांनी जाहिरातच बदलली. सत्तावन्न हजार छायाचित्रे, पाऊण इंच रुंद आणि दोन मैल लांब चित्र, आणि हे सगळे अवघ्या तीन आण्यांत, अशा अर्थाची ती जाहिरात होती. व्यापारी गावाला मापाची भाषा कळली आणि गर्दी लोटली!

पुढे फाळके बिऱ्हाड आणि कारखाना घेऊन नाशिकला आले. पाठोपाठ आला 'मोहिनी भस्मासुर'. यात दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची लेक कमला मोहिनी. पडद्यावर प्रथमच स्त्रीची भूमिका स्त्रीने केली. या कमलाबाई म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले; चंद्रकांत गोखले यांच्या आई आणि विक्रम गोखले यांच्या आजी. तिसरा चित्रपट 'सत्यवान सावित्री'.

हे तिन्ही चित्रपट कोणत्या जातीचे होते, ते नीट समजून घ्यायला हवे. पौराणिक म्हटले की आज आपल्याला हात जोडून बसण्याची आठवण होते. पण त्या प्रेक्षकांसाठी हे अद्भुताचे खेळ होते. स्वतःच्याच डोक्यावर हात ठेवून भस्म होणारा राक्षस, अचानक प्रकट होणारा देव, यमाशी वाद घालणारी सावित्री. आणि या चमत्कारांमागची युक्ती साधी होती. कॅमेऱ्याचे हँडल थांबवायचे, सगळ्यांनी जिथल्या तिथे खिळून उभे राहायचे, मधल्या एका माणसाला बाजूला काढायचे आणि हँडल पुन्हा फिरवायचे. पडद्यावर तो माणूस क्षणात नाहीसा होतो. किंवा एक प्रसंग काळ्या पडद्यासमोर चित्रित करायचा, फिल्म उलटी गुंडाळून तिच्यावरच दुसरा प्रसंग घ्यायचा. म्हणजे एकाच चौकटीत माणूस जमिनीवर आणि देव आकाशात. ऐकायला सोपे, पण दोन्ही वेळचे मोजमाप डोक्यात ठेवायचे, हँडल त्याच गतीने फिरवायचे आणि फिल्म धुऊन हातात येईपर्यंत काय साधले ते कळायचे नाही. एक चूक झाली की दिवसाची मेहनत आणि परदेशी फिल्मचे पैसे पाण्यात.

चाळीसगावच्या केकी मूस यांनी टेबलावर कापूस, दगड, काटक्या मांडून उभी केलेली दृश्ये ज्यांनी त्यांच्या छायाचित्रांत पाहिली आहेत, त्यांना हा प्रकार लगेच उमगेल. डोळ्याला फसवायचे तर हाताला खोटे करून चालत नाही.

१९१४ साली हे तिन्ही चित्रपट घेऊन फाळके पुन्हा लंडनला गेले. कारण व्यवहाराचे होते. मागणी वाढली होती आणि नवी यंत्रसामग्री हवी होती. पण सोबत चित्रपट न्यावेत आणि ज्यांच्याकडे पाहून आपण धडे गिरवले त्यांना ते दाखवावेत, ही कारागिराची हौसही असणारच. कॅबोर्न, हेपवर्थ आणि इतर जाणकारांसमोर खेळ झाले. 'बायोस्कोप'ने तंत्राची तारीफ केली. दोन वर्षांपूर्वी भोके पाडायचे यंत्र शोधत आलेला माणूस, ना स्टुडिओ ना वीज अशा अवस्थेत हे करून आला, याचे त्यांना नवल वाटले.

आणि मग हेपवर्थ यांनी देकार मांडला. फाळक्यांनी इंग्लंडमध्येच राहून भारतीय कथांवर चित्रपट काढावेत, खर्च सगळा हेपवर्थ यांचा, दरमहा तीनशे पौंड पगार आणि शिवाय नफ्यात पाचवा हिस्सा, अशी ती बोलणी फाळक्यांच्या चरित्रांत नोंदलेली आहेत. तीनशे पौंड म्हणजे त्या वेळचे साडेचार हजार रुपये. महिन्याला! ज्या माणसाने दोन वर्षांपूर्वी विम्याची पॉलिसी गहाण टाकली होती, त्याच्यापुढे हा आकडा ठेवला गेला. दुसरीकडे त्यांच्या चित्रपटांच्या प्रती परदेशात दाखवण्यासाठी विकत घेण्याची बोलणीही सुरू झाली होती.

पहिल्या देकाराला फाळक्यांनी नकार दिला. चित्रपट काढीन तर आपल्या देशात, हा त्यांचा हट्ट होता. स्वदेशीच्या लाटेत सरकारी नोकरी सोडलेला माणूस तो. हा धंदा इथे रुजला पाहिजे, इथल्या माणसांनी तो शिकला पाहिजे, ही त्यांची धारणा पुढे त्यांनी 'नवयुग' मासिकातल्या लेखमालेतही मांडली. नाशकात पगारावर घेतलेली माणसे वाट पाहत होती, बायकामुले होती, डोक्यावर कर्ज होते. त्यातले कर्ज फेडायला लंडनचा पगार पुरून उरला असता, ही गोष्ट वेगळी.

दुसऱ्या बोलण्यांचे काय झाले, ते फाळक्यांच्या हातात नव्हते. १९१४ च्या ऑगस्टमध्ये महायुद्ध पेटले. विक्रीची बोलणी जिथल्या तिथे राहिली. गोऱ्या प्रेक्षकांसमोर मोहिनी आणि भस्मासुर तिकीट लावून नाचले असते, ते नाचले नाहीत. जाणकारांच्या कौतुकापलीकडे परदेशी प्रदर्शन असे झालेच नाही.

इथे जरा थांबून बाहेरच्या जगाकडे पाहू. अद्भुत चित्रपटाने समुद्र ओलांडणे ही गोष्ट तेव्हाही सोपी नव्हती आणि नंतरही नाही. फ्रान्सच्या जॉर्ज मेलिएस यांनी १९०२ साली चंद्रावरची सफर पडद्यावर दाखवली. अमेरिकेत त्या चित्रपटाच्या चोरट्या प्रती निघाल्या, पैसे भलत्यांनीच मिळवले आणि म्हातारपणी मेलिएस पॅरिसच्या मोंपार्नास स्टेशनात खेळण्यांच्या दुकानात बसू लागले. तेही मुळात जादूगारच! जपानचे उदाहरण अलीकडचे. १९५४ साली तोहो कंपनीने 'गोजिरा' काढला. दिग्दर्शक इशिरो होंडा आणि त्या अजस्र प्राण्याचे चमत्कार घडवणारे एइजी त्सुबुराया. रबरी पोशाखात शिरलेला माणूस छोटी छोटी घरे तुडवीत जातो आणि पाहणाऱ्याला टोकियो जळताना दिसते. दोन वर्षांनी तो अमेरिकेत 'गॉडझिला' नावाने लागला, पण कसा? कापून, छाटून आणि मध्येच रेमंड बर नावाच्या नटाचे प्रसंग नव्याने घुसवून. जपानी माणसाची गोष्ट अमेरिकन माणसाने समजावून सांगितल्यावाचून तिथल्या प्रेक्षकाला रुचणार नाही, असा हिशेब. अणुबॉम्बचे जे दुःख मूळ चित्रपटात होते, ते बरेचसे या कातरकामात गळाले. फाळक्यांची मोहिनी तेव्हा लंडनच्या बाजारात गेली असती तर तिच्यावरही अशी कातर चालली असती का? कुणी सांगावे! निदान ज्या जाणकारांनी ती पाहिली, त्यांनी जशीच्या तशी पाहिली.

परतल्यावर नाशकात जे दिसले ते वाईट होते. युद्धामुळे पैसा आटला होता. ज्यांनी भांडवल देऊ केले होते त्यांनी हात आखडले. कच्ची फिल्म परदेशातूनच यायची, तिचे भाव वाढले. पगार कसे द्यायचे हा प्रश्न दर महिन्याला दाराशी येऊन उभा राही. सरस्वतीबाईंचे दागिने याआधीही कामी आले होते, आताही त्यांनीच आधार दिला. लंडनचा पगार नाकारण्याचा निर्णय दादासाहेबांचा. तो पेलला मात्र बाईंनी. थोरामोठ्यांच्या चरित्रांत असे निर्णय एका वाक्यात येतात. स्वयंपाकघरात ते वर्षानुवर्षे चालू असतात.

तीन वर्षे अशी गेली आणि १९१७ साली 'लंकादहन' आला.

इथे प्रोफेसर केळफा पूर्ण रंगात आले. मारुती उड्डाण करून आभाळात लहान लहान होत जातो, शेपटीला आग लागते, लंका पेटते. अण्णा साळुंके यांनी या चित्रपटात राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. प्रेक्षकांना त्याचे काही वाटले नाही. राम पडद्यावर आला की लोक चपला काढून ठेवीत, असे सांगतात. मुंबईत खेळ सकाळी सातपासून मध्यरात्रीपर्यंत चालत. मद्रासला नाण्यांच्या थैल्या बैलगाडीत घालून पोलिसांच्या पहाऱ्यात न्याव्या लागल्या, ही आठवण तर दंतकथेसारखी घरोघर पोचलेली आहे. माझ्या लहानपणी यात्रेतल्या तंबूत पौराणिक चित्रपट लागला की आमच्याकडच्या आज्या पडद्यापुढे नारळ ठेवीत. तो रिवाज सुरू कुठून झाला, ते हे वाचताना कळले.

पाठोपाठ 'श्रीकृष्णजन्म' आणि १९१९ सालचा 'कालिया मर्दन'. कृष्णाचे काम केले फाळक्यांच्या चिमुरड्या लेकीने, मंदाकिनीने. या चित्रपटाची सुरुवात मोठी गमतीची आहे. कथा सुरू होण्याआधी ही मुलगी कॅमेऱ्यासमोर निरनिराळे हावभाव करून दाखवते आणि मग तिचाच कृष्ण होतो. जादूगार आधी रिकामी टोपी दाखवतो, तसेच हे. पाहा, ही माझी मुलगी. आता पाहा, हा देव! पुढे यमुनेच्या डोहात ती त्या अवाढव्य नागाशी झुंजते आणि काठावर यशोदेचा जीव वरखाली होतो. डोह आणि काठ, डोह आणि काठ अशी दृश्ये आलटून पालटून येतात. या चित्रपटाचा बराचसा भाग सुदैवाने टिकला आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने तो जपला. 'राजा हरिश्चंद्र'ची मात्र पहिली आणि शेवटची तेवढी रिळे उरली आहेत. आणि तीही १९१३ ची नसून फाळक्यांनी १९१७ साली पुन्हा केलेल्या चित्रपटाची असावीत, असे अभ्यासकांचे मत आहे.

यश आले की भागीदार येतात. १९१८ साली पाच भागीदारांसह हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली. पैसा आला, पण हिशेबही आला. किती दिवसांत किती फूट, किती खर्च, नट कोण, हे विचारणारी माणसे आली. एका दृश्यासाठी चार दिवस घालवणारा कलावंत आणि रोजचा खर्च मोजणारे धनको यांचे जमायचे कसे? दोष एकट्या भागीदारांचा म्हणता येणार नाही. फाळके हट्टी होते, तापट होते, आणि आपल्यापेक्षा दुसऱ्याला या कामातले अधिक कळते हे मान्य करणे त्यांच्या स्वभावात नव्हते. ते कंपनी सोडून सहकुटुंब काशीला गेले, 'रंगभूमी' नावाचे नाटक लिहिले. ते फारसे चालले नाही. १९२२ च्या सुमाराला कंपनीत परत आले, पण मालक म्हणून नव्हे, पगारी म्हणून. त्यानंतरही चित्रपट पुष्कळ काढले. पूर्वीचा बहर मात्र नव्हता.

१४ मार्च १९३१ रोजी 'आलम आरा' लागला आणि पडदा बोलू लागला. फाळक्यांचा 'सेतुबंधन' त्या वेळी मूकपट म्हणून तयार होत होता. समुद्रावर सेतू बांधणारी वानरसेना मुकी राहिली तर तिला कोण पाहणार? मागाहून त्याला आवाज चिकटवावा लागला. पुढे कोल्हापूरच्या छत्रपती राजाराम महाराजांच्या पुढाकाराने त्यांना कोल्हापूर सिनेटोनमध्ये काम मिळाले आणि १९३७ साली 'गंगावतरण' आला. त्यांचा बोलपट म्हणून काढलेला हा एकच, आणि शेवटचा. स्वर्गातून कोसळणारी गंगा शंकराच्या जटेत झेलायची होती. वय ६७, पण ट्रिक दृश्यांचा हव्यास तोच.

योगायोग असा की त्याच १९३७ साली प्रभातच्या 'संत तुकाराम'चा व्हेनिसच्या महोत्सवात गौरव झाला. त्या चित्रपटाच्या शेवटी तुकोबांना न्यायला वैकुंठाचे विमान येते आणि गरुडाच्या पंखांनी आभाळात जाते. मराठी माणसाने बनवलेला चमत्कार परदेशच्या पडद्यावर गेला आणि वाखाणला गेला. तेवीस वर्षांपूर्वी जे दार युद्धाने लावून घेतले होते, ते असे दुसऱ्या कुणासाठी उघडले. आणि आता तर मालेगावात हौशी मंडळींनी गाठीचे पैसे घालून सुपरमॅन हवेत उडवला, त्यावरचा माहितीपट परदेशात फिरला, आणि त्यांच्याच कथेवरचा चित्रपट २०२४ साली टोरोंटोच्या महोत्सवात लागला. धुळ्याहून नाशिकला जाणारी गाडी त्या मालेगावातूनच जाते.

१९३९ साली भारतीय चित्रपटाचा रौप्यमहोत्सव झाला. चित्रपटसृष्टी लखपती झाली होती, तिचा जनक मात्र नाशकात हलाखीत होता. व्ही. शांताराम यांनी पुढाकार घेऊन निधी जमवला आणि त्यातून दादासाहेबांना राहायला घर झाले. सरस्वतीबाई सोबत होत्या. ज्या बाईंनी या धंद्याच्या पहिल्या फिल्मला आपल्या हाताने भोके पाडली, त्यांच्यासाठी वेगळा सत्कार कुणाला सुचला नाही.

दादासाहेबांच्या डोक्यातला चित्रपट मात्र थांबला नव्हता. आणखी एक चित्रपट काढायचा होता, कथाही तयार केली होती. पण दुसरे महायुद्ध चालू होते. फिल्मचा तुटवडा असल्याने चित्रपट काढायला सरकारी परवाना लागे. त्यांनी अर्ज केला. घरच्या मंडळींनी सांगितलेली आठवण अशी, की परवाना नाकारल्याचे पत्र आले आणि त्या धक्क्याने ते अंथरुणाला खिळले. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशकातच त्यांचे निधन झाले. तेव्हा ते ७३ वर्षांचे होते, आणि बाहेर युद्ध अजून चालूच होते.